नवमीची रीळ

डिंगोऱ्याच्या दगडूनानांना मी फसवलं, आणि पुण्यातल्या एका संग्राहकाने मला फसवलं. पहिली गोष्ट मी इथे सगळ्यांसमोर कबूल करतोय. दुसरी त्याने करायची आहे. तो या ग्रुपवर आहे, दर दोन अनुभवांखाली 'छान लिहिलंय' अशी कमेंट टाकतो. म्हणूनच इथे लिहितोय.

तुम्ही म्हणाल, इथे लोक अमानवीय अनुभव लिहितात, याच्या धंद्यातला तंटा आम्हाला कशाला? शेवटपर्यंत वाचा, मग बोला.

माझा असल्या गोष्टींवर विश्वास नाही. नारायणगावला माझं जुन्या वस्तूंचं दुकान आहे. सायकलवर बाटल्या-डबे गोळा करण्यापासून सुरुवात केली, आज मागे गोडाऊन आहे. गळफास घेतलेल्या माणसाची खाट मी विकलेली आहे, आणि गिऱ्हाईक मिळेपर्यंत आठ दिवस तिच्यावर झोपलोही आहे. काही झालं नाही. पितृपक्षात लोक नवं काही घेत नाहीत, बाकीचे व्यापारी दुकानात माशा मारत बसतात. मी त्याच पंधरा दिवसांत गावोगाव फिरून जुनं घेतो. श्राद्धाच्या साफसफाईत माळे रिकामे होतात, आणि बोली लावायला दुसरा कुणी येत नाही.

तर गेल्या पितृपक्षातली सप्तमी. दुपारचे दोन-अडीच वाजले असतील. डिंगोऱ्यात, गावाबाहेर कॅनॉलच्या अंगाला एक घर आहे, तिथे तांब्याचा बंब विकायचा आहे असा निरोप होता. घरात दोघंच. दगडूनाना, वय नव्वदीच्या आतबाहेर. आणि त्यांची सून शालनकाकू, साठीची, एकदम बोलकी. काकूंचा नवरा चार वर्षांपूर्वी वारला, पोरं चाकणला कामाला.

बंब बघताना माझी नजर वर माळ्यावर गेली. गोवऱ्यांच्या ढिगावर एक काळी पत्र्याची पेटी. उघडली तर आत हाताने फिरवायचं सिनेमाचं मशीन, छोटं, आणि एका गोल डब्यात फिल्म. मी आतून हललो, पण तोंडावर काही दिसू दिलं नाही. धंद्यात तेवढं येतं.

"हे भंगार पण द्यायचंय का?"

"भंगार?" नाना खाटेवरून म्हणाले. "पावणं, त्यात माझी आई हाय."

मग त्यांनी सांगितलं. नाना सात महिन्यांचे असताना त्यांची आई, गजराबाई, जंगलखात्याच्या एका गोऱ्या साहेबाकडे त्याच्या मुलाला सांभाळायला लागली. साहेब कुटुंब घेऊन समुद्रावर हवा खायला निघाला, तेव्हा हिलाही नेली. नानांना मावशीकडे ठेवलं. माळशेज उतरून गेली ती गेलीच. तिकडे ताप आला आणि तिकडेच तिला अग्नी दिला. दोन महिन्यांनी साहेब स्वतः ही पेटी घेऊन दारात आला. नानांच्या बापाला म्हणाला, तुझी बायको यात आहे.

"बाप मरस्तोवर म्हणायचा, माणूस नेलं आन पेटी दिली," नाना म्हणाले.

आई सवाष्ण गेली, म्हणून तिचं श्राद्ध अविधवा नवमीला. त्या दिवशी या घरात पान वाढलं की दारं-खिडक्या लावतात, भिंतीवर पांढरं धोतर टांगतात आणि ही चार मिनिटांची रीळ चालवतात. आधी कंदिलावर चालायची, नंतर कुणा वायरमनने त्यात बल्ब बसवून दिला. वर्षातून एकदा, एकदाच. इतकी वर्षं.

मी म्हणालो, "चालवून दाखवा."

"आज सप्तमी हाय. नवमीबिगर लावत न्हाई आमी."

"मशीन चालतं का बघितल्याशिवाय बोलणीच नको मग," मी म्हणालो, आणि उठलो. हा माझा नेहमीचा डाव. उठलो की माणूस थांबवतो.

नाना थांबवत नव्हते. शालनकाकूंनी थांबवलं. त्यांना बंबाबरोबर माळाही मोकळा करायचा होता. "दावा की नाना. त्येवढ्यानं काय व्हतंय?"

धोतर टांगलं. मशीन मीच फिरवलं.

आवाज नाही, फक्त मशीनची खरखर. समुद्र. माडाची झाडं. गुडघ्यापर्यंतचे पट्ट्यापट्ट्यांचे कपडे घातलेले गोरे पुरुष लाटांत उड्या मारतायत, मोठ्या टोप्यांतल्या मडमा खुर्च्यांवर बसल्यात. एकाला बाकीच्यांनी गळ्यापर्यंत वाळूत पुरलाय आणि त्याच्या डोक्यावर कुणीतरी टोपली उपडी घालतंय. या घराने प्रत्येकाला नाव ठेवलेलं होतं.

"ह्यो ढेरपोट्या," काकू म्हणाल्या. "आता बघा, लाट येती आन ह्यो आपटतोय."

लाट आली, ढेरपोट्या आपटला. काकू तोंडाला पदर लावून हसायला लागल्या. नानाही हसले. "आन ही पळपुटी. पाण्याला भिऊन पळती ती. पळ गं बाये, पळ!"

आणि मग पडद्याच्या डाव्या बाजूने एक बाई आली. नऊवारी, ओचा वर खोचलेला, डोक्यावर पदर. दोन-अडीच वर्षांच्या गोऱ्या पोराचा हात धरून ओल्या वाळूतून चालत आली ती थेट आमच्या समोर येऊन थांबली. कपाळावरचं कुंकू दिसत होतं. वय असेल वीस-बावीस. तिने आमच्याकडे बघितलं आणि तिचे ओठ हलले.

खोलीत कुणी हसत नव्हतं.

"काय म्हणते?" मी विचारलं.

"जेवला का, इचारती," नाना म्हणाले. त्यांना कसं कळलं माहीत नाही. बाईला आवाज नव्हता, आणि नानांना तो आठवणं शक्यच नव्हतं. पण दर नवमीला ते म्हणायचे, जेवलो गं आये, तू पण बस. त्या दिवशी मात्र पान वाढलेलं नव्हतं. नव्वदीचा माणूस खाटेवर सरसावून बसला आणि धोतराकडे बघून म्हणाला,

"आये, आज काय न्हाई केलं गं. परवा ये. परवा नवमी हाय."

रीळ संपली.

मला लाज वाटायला हवी होती. वाटली नाही. मी फिल्मची कड उजेडाला धरून बघत होतो. तिथे बारीक इंग्रजी अक्षरांत 'सेफ्टी' असं छापलेलं होतं. म्हणजे न पेटणारी फिल्म. मला ते वाचता आलं. त्या दोघांना आलं नसतं, हेही मला कळलं.

"नाना," मी म्हणालो, "ही जुनी फिल्म म्हणजे उशाला पेट्रोल घेऊन झोपणं आहे."

"आजवर कदी पेटली न्हाई."

"जितकी जुनी तितकी लवकर पेटते. पुण्यात एक अख्खं गोडाऊन गेलं." हे सरळ खोटं होतं.

"आगं बया!" शालनकाकू म्हणाल्या. "आन आमी गोवऱ्यांवर ठिवली!"

पुढचं सोपं होतं. मी म्हणालो, तुम्हाला मोठा टीव्ही देतो, बत्तीस इंची, चालू स्थितीतला. रीळ पुण्याला नेऊन पेनड्राइव्हवर उतरवतो. आई मोठी दिसेल, स्वच्छ दिसेल, पाहिजे तेव्हा दिसेल. बटण दाबलं की आई. पेटी मला द्या.

नानांनी पेटीवरून एकदा हात फिरवला. मग एवढंच म्हणाले, "नवमीच्या आत आणताल ना? तिला परवाचं सांगितलंया."

"नवमीला सकाळी दारात हजर."

मशीन डिकीत टाकलं आणि रिळीचा डबा पुढच्या सीटवर माझ्या शेजारी ठेवला. आता हे नीट वाचा. गाडी सुरू करून दोनशे फूट गेलो नाही तोच सीटबेल्टचा आवाज सुरू झाला. टिंग टिंग टिंग. शेजारच्या सीटवर माणूस बसला आणि त्याने पट्टा लावला नाही की वाजतो तो. मी वीस लिटरचा पाण्याचा कॅन ठेवला की वाजतो, हे खरं. पण हा डबा अर्धा किलोचाही नव्हता. डबा मागच्या सीटवर टाकला. तरी टिंग टिंग. मला राग फार लवकर येतो. दोन शिव्या हासडल्या आणि रिकाम्या सीटला पट्टा लावून टाकला. आवाज बंद झाला. ओतूर मागे पडलं.

येडगावला धरणाच्या पाण्यालगत एकाचं जुनं डिझेल इंजिन बघायचं होतं. गाडी पाण्याच्या कडेला लावली. दहा मिनिटं लागली असतील, सौदा काही जमला नाही. वारा होता, पाण्याला बारीक लाटा होत्या, काठाला लागत होत्या. परत आलो तर शेजारचा पट्टा सुटलेला. मी सोडला असेन असं वाटलं. गाडी सुरू केली, आवाज काही आला नाही. नारायणगावपर्यंत गाडी शांत होती. मला बरंच वाटलं.

अष्टमीला पुण्याला गेलो. तो संग्राहक जुन्या फिल्म घेतो, त्याच्याकडे उतरवून घ्यायचं मशीनही आहे. आमचं तोंडी ठरलं, की त्याने पेनड्राइव्ह लगेच द्यायचा, आणि मूळ रीळ महिनाभर स्वतःकडे ठेवून मग विकायची, पैसे निम्मे-निम्मे. उतरवण्यात काही चूक निघाली तर पुन्हा करून द्यायचं. हातावर हात मारून ठरलं. संध्याकाळी पेनड्राइव्ह घेतला. मी तो बघितला नाही. बघायला पाहिजे होता. दहा रुपयांचा दिवा पेटवून बघितल्याशिवाय न घेणारा माणूस मी, आणि हे तसंच खिशात टाकलं.

नवमीला सकाळी डिंगोऱ्याला पोचलो तेव्हा घरात गवारीची भाजी, अळूवडी, खीर, सगळ्याचा वास भरलेला. चाकणहून दोन्ही नातू आले होते. टीव्ही भिंतीला लावून दिला. भिंतीपुढे पान वाढलं. नानांनी धुतलेला सदरा घातला होता. टीव्हीला दिवसाउजेडी चालतं, तरी काकूंनी सवयीने दारं लावून घेतली.

मी बटण दाबलं.

चित्र खरंच स्वच्छ होतं. पट्ट्यापट्ट्यांचे कपडे, टोप्या, वाळूत पुरलेला माणूस. ढेरपोट्या आपटला, नातू हसले. पळपुटी पळाली. मग डाव्या बाजूने ते गोरं पोर आलं.

एकटंच.

एकटं म्हणजे कसं, ते सांगतो. त्याचा उजवा हात वर होता. डोक्याच्या वर, मूठ अर्धी मिटलेली... मोठ्या माणसाने धरलेला हात असतो ना, तसा. ते मधेच लोंबकळत होतं, दोन्ही पाय वाळूवरून उचलत होतं, आणि पडत नव्हतं. वर बघून हसत होतं. चालत समोर आलं आणि थांबलं. त्याच्या शेजारी, जिथे बाई होती तिथे, समुद्र होता. लाट येऊन फुटली, फेस मागे गेला.

रीळ संपली.

"परत लावा," मोठा नातू म्हणाला. परत लावली. तेच.

"पणजी कुठंय?" धाकटा म्हणाला. "ओ शेठ, पणजी कुठंय?"

मी काय केलं? ओरडलो. माझं असंच आहे, अडकलो की आवाज चढतो. पुण्याच्या माणसाने घोळ केलाय, बघतो त्याच्याकडे, आत्ता फोन लावतो, वगैरे. सगळे माझ्याकडे बघत होते. नाना सोडून. नाना टीव्हीकडे बघत होते. मग त्यांनी मला हाताने बस म्हणून खुणावलं. चिडलेले नव्हते. पाहुण्याला विचारावं तसं विचारलं.

"पावणं, वाटंत कुठं थांबला व्हता का?"

"म्हणजे?"

"मी तिला परवा ये म्हणलं व्हतं. ती निघाली असंल. तुमी कुठं थांबला असाल तर उतरली असंल. तिला काय म्हाईत, कुठलं गाव हे?" त्यांनी टीव्हीतल्या समुद्राकडे बोट केलं. "पाण्यापाशी थांबला व्हता का कुठं?"

त्या क्षणी मला पट्टा आठवला.

आणि मी म्हणालो, "नाही. कुठेच नाही थांबलो."

का म्हणालो? धरणावर थांबलो असं सांगितलं असतं, तर काय बिघडणार होतं? तेव्हा डोक्यात एवढंच होतं, की हो म्हटलं की सगळं माझ्यावर येईल. धंद्यात आपल्या चुकीला कधी हो म्हणायचं नाही, ही वीस-पंचवीस वर्षांची सवय. तोंडातून आपोआप आलं.

नाना त्या दिवशी जेवले नाहीत. पान तसंच राहिलं. "ती यायचीय," म्हणाले.

मी गाडीत बसून त्या संग्राहकाला फोन लावला. तो म्हणाला, रीळ गेली. कुठे गेली? बाहेर गेली, देशाबाहेर, एका पार्टीकडे. महिनाभर ठेवायची ठरली होती ना? "असं काही ठरलं नव्हतं," म्हणाला. मी त्याला जे बोललो ते इथे लिहिण्यासारखं नाही. त्यानंतर त्याने माझा नंबर ब्लॉक केला. दोनदा पुण्याला त्याच्या दारात जाऊन आलो, वॉचमनने वर सोडलं नाही.

तुमच्यापैकी अर्धे आता लिहिणार, की सॉफ्टवेअरने पुसली असेल. मलाही तेच वाटलं होतं. आमच्याकडे लग्नाचं व्हिडिओ मिक्सिंग करणारा एक पोरगा आहे, आगंतुक पाहुणे पुसण्यात एकदम पटाईत. त्याला पेनड्राइव्ह दिला. तासभर मोठं करून करून बघितलं त्याने. म्हणाला, "दादा, पुसलेलं कळतं. मागचं पाणी रंगवायला लागतं. इथं लाट अख्खी हाय. इथं कुणी उभंच नव्हतं." मग म्हणाला, "पण ह्या पोराला कुणी धरलंय?"

मला काय माहीत?

दिवाळीनंतर काकूंचा फोन आला. नाना अंथरुणाला लागलेत, अन्न कमी केलंय. "त्ये सारखं इचारत्यात, पावण्याला इचार, कुठं थांबला व्हता. भाऊ, आठवून सांगा की. म्हातारं माणूस हाय."

दुकानात गिऱ्हाईक होतं. मी म्हणालो, "एकदा सांगितलं ना काकू! कुठेच नाही. सारखं सारखं काय?" आणि फोन ठेवला.

पौषात नाना गेले. निरोप मला तिसऱ्या दिवशी मिळाला.

दहाव्याला गेलो. तिथेच घाटावर, बाकीचे पिंडाकडे बघत असताना, मी काकूंना बाजूला घेऊन सगळं सांगितलं. सेफ्टी छापलेलं होतं ते सांगितलं. पट्टा सांगितला. येडगाव सांगितलं. मला वाटलं, त्या शिव्या देतील. द्यायला हव्या होत्या.

त्या घाटाच्या पायरीवर खाली बसल्या.

"येडगाव," म्हणाल्या. "आवं, येडगाव काय लांब हाय का? टेम्पोत घालून नेलं असतं मी त्यास्नी. ताट घिऊन पाण्याकडंला बसलो असतो दोघं. आली असती, न्हाई आली असती, त्येंचं त्येंनी बघितलं असतं." मग म्हणाल्या, "तुमास्नी एक शबूद बोलायला काय झालं व्हतं, भाऊ?"

मी माझ्या चपला शोधायला लागलो.

मशीन मी त्यांना परत द्यायला घेऊन गेलो. त्यांनी घेतलं नाही. "रिकामं काय फिरवू?" म्हणाल्या. ते माझ्या दुकानात आहे, विकायला नाही. गाडी आता रिकाम्या सीटने कधीच वाजत नाही. सर्व्हिसिंगला दोनदा तपासून घेतली, सेन्सर ठीक आहे म्हणतात. यातल्या कशाचा कशाशी संबंध आहे, मला सांगता येत नाही. मी अजूनही म्हणतो, विश्वास नाही. पण येडगावच्या त्या कडेला मी आता गाडी थांबवू शकत नाही, आणि न थांबता पुढे गेलो की दिवसभर घास उतरत नाही.

आता शेवटचं, त्या पुण्याच्या गृहस्थाला.

तुम्ही हे वाचताय, मला माहीत आहे. माझी रीळ परत नको, ती विकून काय मिळवलं तेही सांगू नका. माझा वाटा मी पाण्यात सोडला असं समजा. मला फक्त एक सांगा. अष्टमीला तुम्ही तो डबा उघडलात, फिल्म मशीनवर चढवण्याआधी उजेडाला धरून बघितली असणार, तुम्ही बघितल्याशिवाय घेणारे नाही. तेव्हा त्या पोराच्या शेजारी बाई होती का?

होती, असं म्हणालात तर तुम्ही तिचं काहीतरी केलंत आणि मी नुसता लबाड आहे. लबाडी मी निभावून नेईन, आयुष्यभर तेच केलं. नव्हती म्हणालात, तर ती येडगावला उतरली, आणि वाट बघणाऱ्या म्हाताऱ्याला मी दोनदा खोटं सांगितलं. मग माझं मी बघेन.

पण गप्प बसू नका. खाली कमेंटला जागा आहे. 'छान लिहिलंय' नको. होती की नव्हती, तेवढं लिहा.